जेवणाच्या सुट्टीतला धवला

आये,

गेल्या आठवड्यात एक माणूस माझ्याकडे तुझा आवाज मागायला आला होता. निर्माता आहे. माणूस चांगला, पण सदा घाईत. त्याला नव्या वेबमालिकेत अलिबाग-पेणकडच्या आपल्या खारेपाटातलं लग्न दाखवायचंय आणि ते त्याच्या शब्दांत 'एकदम मातीतलं' पाहिजे. मग मी त्याला धवला समजावत बसले. आमच्याकडे भटजी येतात ते अक्षतांपुरते, म्हटलं. त्याच्या आधी दोन दिवस एक बाई नुसतं गाऊन लग्न लावत असते, तिला धवलारीण म्हणतात. मांडवाला उंबराची फांदी आणायची तर तिचा धवला वेगळा, तांदूळ निवडायचे तर त्यांचा वेगळा, हळदीचा वेगळा, आणि प्रत्येकात नवरा-नवरीची नावं घालून देवांना बोलवायचं. तो म्हणाला, "मॅडम, ये तो सोना है! कुणाचा ओरिजिनल आवाज मिळेल?" मी म्हणाले, "माझ्याकडे आहे. माझ्या आईचा." म्हणताना छाती अशी फुगली होती की काय सांगू. तुला जाऊन नऊ वर्षं झाली आणि तरी तू मला कामाला येत होतीस.

मी लिहायला लागले तेव्हा मला काही येत नव्हतं, हे तुला मी कधी सांगितलं नाही. कॉलेजच्या एकांकिकांना टाळ्या मिळाल्या होत्या, तेवढ्या भांडवलावर मुंबईला जाऊन एका रोजच्या मालिकेच्या संवादलेखकाच्या हाताखाली लागले. तो सीन वाटून द्यायचा: सासू चिडते, सून गप्प बसते, दोन पानं. बावीस वर्षांच्या मुलीला सासू कशी चिडते ते काय ठाऊक? मी डोळे मिटायचे आणि आपल्या चुलीपुढे जाऊन बसायचे. तू सुपात जवळा निवडते आहेस. मोठी काकी उंबऱ्यात उभी राहून टोमणे मारते आहे. तू मान वर करत नाहीस, आणि मग एकच वाक्य असं टाकतेस की काकी पदर सावरत घरी जाते. ती वाक्यं मी जशीच्या तशी उतरवून दिली, फक्त बोली तेवढी पुसली. संवादलेखक सगळ्यांना सांगत सुटला की ह्या मुलीला कान आहे. कान कसला, आये, मला आई होती.

मग हाताला चटक लागली. काकीच्या मुलीच्या लग्नात काकीनं घरातली धवलारीण सोडून खाडीपलीकडच्या गावची बाई आणली, आणि तू भर मांडवात पाहुण्यांच्या रांगेत बसून परक्या बाईचा धवला ऐकलास, हे तू मला एकदा भाकऱ्या थापता थापता सांगितलं होतंस. मी त्यातून मालिकेचे दोन महिने काढले. धवल्याच्या जागी दागिने घातले, खारेपाटाच्या जागी कोल्हापूर घातलं, आणि जावा-जावांचं ते भांडण रोज संध्याकाळी घराघरांत गेलं. आपल्याही गावात गेलं. काकीनं पहिल्या आठवड्यातच ओळखलं. त्यानंतर मी घरी आले तेव्हा तू मला आधी जेवायला वाढलंस, माझं ताट संपेपर्यंत थांबलीस आणि मग म्हणालीस, "तुना सांगलेला. तुना एकटीला. गावाला नव्हता सांगला."

मी हसले. म्हटलं, आये, नावं बदललीत की सगळी.

"नावां बदलून काय व्हते? वास त त्योच येते."

त्या दिवसापासून तू माझ्यासमोर बोलताना जपायला लागलीस. शेजारणीची गोष्ट रंगात यायची, मध्येच थांबायचीस आणि विचारायचीस, "आता ह्या लिवनार नायस ना?" सगळे हसायचे, मीही हसायचे. तू मस्करी करतेस असं मी धरून चालले होते. पण माझ्या येण्यानं त्या घरातल्या गप्पांना मीठ कमी पडायला लागलं होतं, आणि ते मला कळायला फार वर्षं गेली. मी तुझ्याकडून उचलत राहिले आणि तू हळूहळू झाकून ठेवत गेलीस. एक सिनेमाही लिहिला मी मध्ये. तो अलिबागच्या थिएटरात आठवडाभर टिकला. तू शेजारणीला घेऊन बघायला गेलीस आणि बाहेर येऊन मला फोनवर म्हणालीस, "यात आपला काय नाय दिसला." तू खूश होऊन म्हणालीस. मला ते लागलं.

आता माझ्या लग्नाचं. हे लिहायचं टाळत इथवर आले आहे. तो माझ्या तिसऱ्या मालिकेवर आवाज रेकॉर्ड करायला होता. माणगावच्या आतल्या गावचा, कानांवर हेडफोन चढवून दिवसभर एका जागी बसणारा, बोलायचं काम पडलंच तर चार शब्दांत उरकणारा. दिवसभर मी इतकी बोलायचे की मला तसाच हवा होता. आमचं ठरलं आणि मी तुला सांगायला आले. बाबा तोवर नव्हते. तू चुलीपुढे होतीस, मी पाटावर बसून जेवत होते. जात नाही, पात नाही, पगार नाही, तू पहिलं विचारलंस ते, "मांडव कदी घालाचा?" आणि मग लगेच सांगायला लागलीस. तू हे सगळं कधीपासून मनात लावून ठेवलं होतंस देव जाणे. पोरीच्या आईनं एकटीनं गाऊ नये, म्हणून पलीकडच्या आळीतल्या म्हातारीला जोडीला घ्यायचं, सुरुवात तिनं करायची, तू मागून उचलायचंस, आणि हळदीला मात्र तू एकटीनं गायचंस.

मी भरल्या तोंडानं म्हणाले, "मांडवबिंडव काही नको गं. ऑफिसात जाऊन सह्या करणार. दोन दिवस ती गाणी कोण ऐकत बसणार? आम्हाला तिसऱ्या दिवशी शूटिंग आहे."

हे वाक्य माझं स्वतःचं आहे. ते तुझ्याकडून उचललेलं नाही.

तुझी भाकरी करपली नाही की हातातून काही पडलं नाही. मालिकेत मी तसलं काहीतरी केलं असतं. तू भाकरी उलटलीस, तिच्या कडा शेकल्यास, ती माझ्या ताटात टाकलीस आणि म्हणालीस, "बरा." लग्नाच्या दिवशी चांगलं लुगडं नेसून रेवसहून लाँचनं भाऊच्या धक्क्यावर उतरलीस, साक्षीदार म्हणून अंगठा उठवलास. शाई पुसायला माझ्या नवऱ्यानं आपला रुमाल पुढे केला तर तो खराब होईल म्हणून घेतला नाहीस. आमच्याबरोबर हॉटेलात जेवलीस, संध्याकाळच्या लाँचला आम्ही तुला बसवून दिलं. अख्ख्या खारेपाटात दीड-दोनशे लग्नं तुझ्या तोंडून लागली असतील. त्या दिवशी तू अंगठ्याच्या ठशावर लेकीचं लग्न लावून परत गेलीस, आणि पुढे त्यावर एक शब्द बोलली नाहीस.

नऊ वर्षं बोलली नाहीस. मग माझ्या स्वतःच्या मालिकेत लग्न आलं. तोपर्यंत मालिकेवर मुख्य लेखिका म्हणून माझं नाव यायला लागलं होतं, आणि मालिका बघणारे कमी होत चालले होते. असं झालं की चॅनेल लग्न मागतं. आठवडाभर चालणारं लग्न, त्यात आधी कुणी केलं नाही असं काहीतरी. मी बैठकीत धवला काढला. सगळे खूश. मी तिथूनच तुला फोन लावला, स्पीकरवर ठेवला नाही ही देवाची कृपा.

तू सगळं ऐकून घेतलंस. मग म्हणालीस, "माझे पोरीचे लग्नान नको व्हता, आनि खोटे लग्नान पायजे?"

तेव्हा माझ्याजवळ एक क्षण होता. आये, चुकलं माझं, एवढंच म्हणायचं होतं. पाच-सहा लोक टेबलाभोवती माझ्या तोंडाकडे बघत होते आणि मी म्हणाले, "आये, वेळ नाहीये, तू फक्त हो म्हण." तू म्हणालीस, "फोनवर कोनी धवलारनीला बोलावतं का गो? नारल-सुपारी घेऊन कोनाला तरी लाव."

पाठवणार कुणाला? मीच आले. निर्मात्याची गाडी, हातात नारळ, पान-सुपारी, आणि मी आपल्याच अंगणात पाहुणीसारखी उभी. तूही कसर सोडली नाहीस. चटई अंथरलीस, तांब्याभर पाणी दिलंस, समोर बसलीस आणि विचारलंस, "नवरी कोनाची?" मी म्हटलं, "चॅनेलची." एरवी असल्या विनोदाला तू हसली असतीस. तू नारळ घेतलास, कपाळाला लावलास आणि आत नेऊन देव्हाऱ्यात ठेवलास.

शूटिंग अलिबागकडच्या एका नारळ-सुपारीच्या वाडीत होतं. सकाळी तू उतरलीस तीच मांडवावर नजर लावून. सजावटवाल्यांनी उंबर म्हणून वडाची फांदी बांधली होती. तू ती सोडायला लावलीस. पलीकडे रस्त्याच्या कडेला उंबर आहे हे तुला गाडीतून दिसलं होतं. फांदी येईपर्यंत दिग्दर्शक घड्याळ बघत फेऱ्या मारत होता. मग तुला कळलं की आज आधी वरात होणार आणि हळद संध्याकाळी, कारण वरातीतल्या नटाला दुपारी दुसरीकडे जायचंय. तू माझ्याकडे असं बघितलंस की जणू ही युक्ती माझीच. "आदी वरात आनि मंग हलद? ह्यांना कोनी सांगतलाच नाय का?" मी म्हटलं, आये, नंतर जोडतात सगळं, दिसताना नीट दिसतं. तू म्हणालीस, दिसण्याचं काय घेऊन बसलीस.

आणि खरा घोळ नावांचा झाला. मी तुला मालिकेतल्या नवरा-नवरीची नावं पाठ करायला सांगितली होती. तू ती घ्यायला तयार होईनास. "जी जल्माला आली नाय त्यांची नावां घेतली, त देव कोनाला हुडकत बसतीन?" दिग्दर्शक म्हणाला, मग नट-नटीची खरी नावं घ्या. तू त्या नटीकडे वळलीस, तिच्या गळ्यातलं तिचं स्वतःचं मंगळसूत्र बघितलंस आणि मला बाजूला ओढून म्हणालीस, "इचा नवरा घरी बसलाय, आनि मी इचा लगीन लावू?" तुझं म्हणणं होतं की धवला पुरा गायला आणि नावं घेतली की लग्न लागतं. कॅमेरा असो की नसो. मी डोक्याला हात लावला. शेवटी दिग्दर्शक कंटाळून म्हणाला, "आजी, तुम्हाला वाट्टेल ती नावं घ्या. वर म्युझिक येणार आहे, कुणालाही ऐकू जाणार नाही."

तुझ्या चेहऱ्यावरचा राग तेव्हा जरा उतरलेला दिसला. मला वाटलं, सुटलो.

माझ्या नवऱ्यानं तोडगा काढला, ह्याही मालिकेचा आवाज त्याच्याकडेच होता. जनरेटरच्या घरघरीत तुझा आवाज नीट मिळणार नव्हता. जेवणाच्या सुट्टीत जनरेटर बंद होतो, तेव्हा मी नुसता आवाज घेतो, तो नंतर चित्रावर बसवू, असं तो म्हणाला. आमच्या धंद्यात असं नेहमी करतात. तू त्याला विचारलंस, "म्हंजे कोनी बगनार नाय?" कुणी नाही, तो म्हणाला. "आनि तुमी?" "मला ऐकावं लागतं, आई. माझं कामच आहे." तू मान डोलावलीस. मी तोवर वाडीतल्या घराच्या वरच्या खोलीत पोचले होते, कारण चॅनेलहून फोन आला होता की दुसऱ्या दिवशीचा सीन बदला. पाऊण तास मी तिथे बसून बदलला, डाळभात लॅपटॉपशेजारीच खाल्ला. खालून तुझा आवाज येत असणार. मला तो आठवत नाही. बरंच लांबलं, एवढं मात्र आठवतं.

लग्नाचा आठवडा छान चालला. तुझा आवाज त्यात जेमतेम दहा सेकंद आला, मग बासरी, मग नवरीचे डोळे, मग जाहिराती. आळीतल्या सगळ्या बायकांना घरी बसवून तू तो भाग बघितलास म्हणे. मी भीत भीत फोन केला. तू म्हणालीस, "बरा झायला." पुन्हा तेच 'बरा', आणि मी त्याचा पुन्हा तोच अर्थ घेतला: तुला लागलंय. दोन वर्षांनी पावसाळा सरता सरता तू गेलीस आणि तो अर्थ माझ्याजवळ तसाच राहिला. नात्यातल्या लग्नात धवला सुरू झाला की मी फोन आल्याचं सोंग करून मांडवाबाहेर जायचे. ज्या बाईनं सगळ्यांच्या लेकींना मांडवातून पाठवलं तिची लेक तेवढी राहिली, आणि राहिली ती माझ्याच तोंडानं. वर मी तोच धवला खोट्या लग्नाला नेला. हे मला सलत होतं, आये. कामात असताना कमी, बाकीच्या वेळी जास्त.

तर तो निर्माता गेला आणि मी नवऱ्याला म्हटलं, आईच्या धवल्याची फाईल काढ तुझ्या जुन्या डिस्कमधून. तो चहा गाळत होता. म्हणाला, "ती देणार न्हाय."

वीस वर्षांत ह्या माणसानं मला कामाला नाही म्हटलेलं नाही. आणि त्याच्या तोंडून 'न्हाय' निघालं की गाव वर आलंय असं समजायचं. मी भडकले. माझ्या आईचा आवाज आहे, म्हटलं, तू कोण ठरवणार? त्यानं दोन्ही कप ओट्यावर ठेवले.

"आवाज तुझ्या आईचा आहे," तो म्हणाला. "लग्न आपलं आहे."

मग त्यानं जे सांगितलं ते त्याच्या मानानं फार मोठं भाषण होतं. ओसरीवर माईक लावून तो यंत्रामागे बसायला निघाला, तर तू त्याला उठवलंस. तितं नको, म्हणालीस, हितं बसा, आणि पूर्वेकडे तोंड करून आपल्यासमोर पाटावर बसवलंस. यंत्र त्यानं मांडीजवळ ओढून घेतलं. तू त्याच्या हातात एक सुपारी दिलीस. त्याला वाटलं, असेल काही पद्धत. मग तू सुरू केलंस. आधी गावाचे देव, मग शिवेवरचे, मग खाडी, आणि मग हेडफोनमधून दोन्ही कानांत त्याचं स्वतःचं नाव आलं. त्याला वाटलं, माईक तपासायला म्हणून घेतलं असेल. मग त्याच्या आईचं आलं, वडिलांचं आलं, त्याच्या गावाचं आलं. आमच्या लग्नादिवशी लाँचला सोडायला आला असताना तू त्याच्याकडून ही सगळी नावं विचारून घेतली होतीस. मग बाबांचं आलं, जे तू जन्मात कधी तोंडानं उच्चारलं नव्हतंस. आणि नवरीच्या जागी माझं आलं. पत्रिकांवर आणि श्रेयनामावलीत येतं ते नव्हे. चुलीपाशी तू मला ज्या नावानं हाक मारायचीस ते. तेव्हा त्याच्या डोळ्यांना धार लागली, पण पुसायला हात मोकळा नव्हता. एका हातात सुपारी आणि दुसरा यंत्राच्या बटणावर. "आवाज कुठं फाटू दिला न्हाय," हे मात्र त्यानं मला दोनदा सांगितलं.

मांडवापासून पाठवणीपर्यंत तू सगळं गायलीस, प्रत्येक विधीचा एकेक धवला, ओळीनं, एकही न गाळता. शेवटी त्याच्या हातातली सुपारी परत घेतलीस, पदराच्या टोकाला बांधलीस, आणि उठता उठता म्हणालीस, "तिला सांगू नका. सांगलात, त उद्या टीवीवर येल."

अकरा वर्षं तो गप्प राहिला. माझ्या नवऱ्याच्या पोटात काही नसतं म्हणूनच तो बोलत नाही, असं मी मैत्रिणींना सांगत आले होते.

आम्ही दोघांनी दुपारी बसून ते ऐकलं. जनरेटर नाही म्हणून किती शांत आहे. कावळा आहे, लांब कुठे ताटं वाजताहेत, आणि मध्ये तू. तुझा वरचा सूर त्या वयातही कापत नव्हता. आणि तुला सांगते, त्यात मीही आहे. ऐन हळदीच्या धवल्यात मागून वरच्या खिडकीतून माझा आवाज येतो, फोनवर, तार सप्तकात: "नाही, नवरी पळून जाणार नाही! तिचा फक्त पाय मुरगळेल!" तू एक श्वासभर थांबतेस. मग सूर चढवतेस आणि मला झाकून पुढे जातेस. माझ्याच लग्नात मी कुणा दुसरीच्या पायावरून भांडत होते. आम्ही दोघं पोट धरून हसलो. आणि हसता हसता मला आठवलं की त्या दुपारी तू जिना चढून वर आली होतीस. गुडघे धरून, एकेक पायरी. हाताला हळद होती. "उरलेली हलद वाया कनाला घालवाची," म्हणत तू माझी दोन्ही मनगटं धरून ती चोळलीस, कोपरापर्यंत, आणि मग गालांना. हळदीचा सीन संध्याकाळी होता, मग दुपारी उरलेली हळद कुठली, हे मला तेव्हा सुचलं नाही. मी ओरडले, "आये, लॅपटॉप!" आणि तू जिना उतरायच्या आत टिश्यूनं पुसून टाकली. पण लागली होती. हळद लागली होती मला.

निर्मात्याला मी सांगितलं की डिस्क खराब झाली, काही मिळालं नाही. त्यानं हळहळ व्यक्त केली आणि दोन दिवसांत पेणजवळची दुसरी बाई मिळवली. तिच्यासाठी नारळ-सुपारी घेऊन जा आणि कोणती नावं घ्यायची ते तिलाच विचारा, एवढं मी त्याला बजावलं.

हे मी कागदावर लिहिते आहे, कारण लॅपटॉपवर लिहिलेलं कुठेतरी पाठवून द्यायची माझ्या बोटांना खोड आहे. तुला वाचता येत नव्हतं, आणि आता तर सोयही नाही. कपाटात ठेवीन किंवा फाडीन. पण त्याआधी एक सांगते, जे मी त्यालासुद्धा सांगितलेलं नाही. तुझ्या आवाजात माझं नाव आलं तेव्हा त्याचे डोळे पुन्हा भरले. माझे भरले नाहीत. मी मनात म्हटलं, भाग इथे संपवायचा. बरोबर नावावर थांबायचं, नवऱ्याचा चेहरा धरायचा, आणि आईचं ते शेवटचं वाक्य पुढच्या भागासाठी राखून ठेवायचं. नाव उमटल्यापासून दोन श्वासांत मी एवढं सगळं जुळवलं होतं. मग मी काय करते आहे ते माझं मला कळलं, आणि मी अशी रडले की त्याला तुझं गाणं बंद करावं लागलं. मला सांगितलं नाहीस ते बरं केलंस, आये. मी टिकू दिलं नसतं.